नमुचीचा करार

एका विद्यार्थिनीने लिहिलेली अद्भुतकथा मध्यंतरी माझ्याकडे वाचायला आली. तिच्या कथेत दोन राज्ये आहेत. एकाच्या ताब्यात काळ, दुसऱ्याच्या ताब्यात मंत्रशक्ती. दोघांत करार झालेला आणि त्याची सतरा कलमे पहिल्याच पानावर दिलेली. मी तिला विचारले, "सतराही कलमे अक्षरशः पाळून कोणी दगा दिला तर?" ती क्षणभर थांबली आणि म्हणाली, "मग अठरावे कलम घालते, सर." तेव्हा मला नमुची आठवला.

काळ आणि अलौकिक शक्ती या दोहोंना बांधणारा इतका जुना आणि इतका रेखीव करार मला दुसरा माहीत नाही. शतपथ ब्राह्मणात ही कथा अगदी थोडक्यात येते. नमुची या असुराने सुरेच्या साहाय्याने इंद्राचे बळ, अन्नाचा रस आणि सोमपान हरण केले. या बळाला तिथे शब्द आहे 'इंद्रिय'. आज आपण डोळ्या-कानांना म्हणतो तोच. पाणिनीनेही त्याचा संबंध इंद्राशी लावला आहे. बळ गेलेला इंद्र अश्विनीकुमार आणि सरस्वती यांच्याकडे धावला, पण त्याचे हात आधीच बांधलेले होते. त्याने नमुचीला शपथ दिली होती: तुला दिवसा मारणार नाही, रात्री मारणार नाही, काठीने नाही, धनुष्याने नाही, तळहाताने नाही, मुठीने नाही, कोरड्याने नाही, ओल्याने नाही.

कराराची भाषा नीट पाहावी. प्रत्येक कलम म्हणजे एक जोडी आहे. दिवस आणि रात्र म्हटले की सगळा काळ संपला, ओले आणि कोरडे म्हटले की सगळे पदार्थ संपले, असे नमुचीने गृहीत धरले. ही चूक त्याच्या एकट्याची नाही, आपल्या बोलण्याचीच ती सवय आहे. 'रात्रंदिवस' म्हणताना मध्ये काही उरते असे आपल्याही मनात येत नाही. अश्विनीकुमार आणि सरस्वतीने पाण्याच्या फेसाचे वज्र केले, कारण फेस ओला नाही आणि कोरडाही नाही. रात्र फिटत आली होती, सूर्य उगवला नव्हता. त्या वेळी इंद्राने नमुचीचे डोके उडवले.

बिचाऱ्या नमुचीला मराठी येत असते तर? झुंजुमुंजू, तिन्हीसांजा, कातरवेळ, दिवेलागण असे इतके शब्द आपण त्या मधल्या वेळेसाठी राखून ठेवले आहेत की करार लिहिताना एखादा तरी त्याला सुचला असता.

राजकारणातल्या कराराला आपण 'तह' म्हणतो. पुरंदरचा १६६५चा, किंवा ग्वाल्हेरजवळच्या सालबाईचा १७८२चा. पुरंदरच्या तहात तेवीस किल्ले मोजून द्यावे लागले. तहात मोजदाद असते. संस्कृतातला शब्द मात्र 'संधी'. दोन पक्ष जुळतात तो संधी, दोन वर्ण जुळतात तोही संधी, आणि दिवस-रात्र जुळतात तो संधिकाल. 'संध्या' त्याच कुळातली. करार ज्या फटीतून मोडला, तिचे आणि कराराचे नाव एकच. व्याकरणाच्या तासाला स्वरसंधी शिकवताना हे सांगितले की मुले एकदम जागी होतात, असा माझा अनुभव आहे.

ऋग्वेदाच्या आठव्या मंडलातल्या एका ऋचेत फेसाने नमुचीचे डोके उडवल्याचा उल्लेख आहे, पण त्या ऋचेत कराराचा शब्द नाही. फेसासारखे विचित्र शस्त्र का, या प्रश्नाचे उत्तर म्हणून करार मागाहून रचला गेला असावा असे मला वाटते. पुढे महाभारताने ही युक्ती दोनदा वापरली. उद्योगपर्वात करार वृत्राशी आहे, मध्यस्थ ऋषी आहेत आणि वेळ पहाटेऐवजी सायंसंध्येची आहे. शल्यपर्वात पुन्हा नमुची आहे, पण इंद्राने गाठलेली वेळ धुक्याची.

माझ्या विद्यार्थिनीला मी सांगितले ते महाभारतातल्या पुढच्या भागाबद्दल. शब्द पाळले म्हणून इंद्र सुटला का? नाही. वृत्राला मारल्यावर आपल्या असत्याच्या ओझ्याने तो पाण्यात लपून बसला आणि स्वर्गाच्या सिंहासनावर नहुष आला. नमुचीचे तुटलेले डोके तर 'मित्राला मारणाऱ्या' असे म्हणत त्याच्या पाठीच लागले. नमुची म्हणजे न सोडणारा. नावातला हा 'न' टिकून राहतो, त्याचा लोप होत नाही, असे सांगणारे पाणिनीचे सूत्रही आहे. कलमे पाळणे आणि वचन पाळणे वेगळे, हे त्या डोक्याला ठाऊक होते. अठरावे कलम घालून फट बुजेल, पण असे डोके कथेत येणार नाही, एवढेच मी तिला म्हणालो.

शेवटी ब्रह्मदेवाच्या सांगण्यावरून इंद्राने सरस्वतीकाठच्या अरुणेच्या तीर्थात स्नान केले आणि तो पापातून सुटला. पाठलाग करणारे डोकेही त्याच पाण्यात पडले, आणि नमुचीलाही अक्षय लोक मिळाले.