वऱ्हाडची संस्था आणि वऱ्हाडची बोली

विदर्भ साहित्य संघाची स्थापना १४ जानेवारी १९२३ रोजी अमरावतीत झाली, आणि ती तेथेच का झाली याचे उत्तर साहित्यापेक्षा वऱ्हाडच्या राजकीय भूगोलात अधिक सापडते. १८५३ च्या तहाने निझामाकडून इंग्रजांच्या कारभाराखाली आलेला हा कापसाचा मुलूख १९०३ मध्ये मध्य प्रांताला जोडला गेला. त्यामुळे अमरावती-अकोल्याचा मराठी माणूस हिंदी-मराठी अशा द्विभाषिक प्रांताचा रहिवासी ठरला, तर १९०६ मध्ये निघालेली महाराष्ट्र साहित्य परिषद पुण्यात, म्हणजे परप्रांतात, राहिली. १९१२ चे साहित्य संमेलन हरि नारायण आपटे यांच्या अध्यक्षतेखाली अकोल्यात भरले होते खरे, परंतु संमेलनाचा मांडव उठल्यावर वर्षभर काम रेटायला प्रदेशाची स्वतःची संस्थाच लागते. संघाचे मुख्यालय पुढे नागपूरला गेले, 'युगवाणी' हे त्याचे मुखपत्र झाले, आणि १९६१ मध्ये स्थापन झालेल्या अखिल भारतीय मराठी साहित्य महामंडळात पुणे, मुंबई व मराठवाड्याच्या संस्थांच्या पंक्तीला तो बरोबरीने बसला.

या संघाने वऱ्हाडच्या लेखकाला व्यासपीठ दिले. वऱ्हाडीला मात्र तो आधार तितकासा लाभला नाही, कारण संस्थेचा व्यवहार प्रमाण मराठीत चालणार हे गृहीतच होते. अशा भाषेला आधार मिळू शकतो, याचे उदाहरण परदेशात आहे: उत्तर आयर्लंडमध्ये अल्स्टर-स्कॉट्ससाठी, म्हणजे सतराव्या शतकात स्कॉटलंडहून तेथे वसलेल्यांच्या भाषेसाठी, १९९८ च्या शांतता करारानंतर सरकारी खर्चाने यंत्रणा उभी राहिली. वऱ्हाडीची नोंद ग्रिअर्सन यांच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाच्या मराठीविषयक खंडात १९०५ मध्येच झालेली असली, तरी नोंद होणे वेगळे आणि पाठबळ मिळणे वेगळे.

बोली तगली ती लेखकांच्या आणि श्रोत्यांच्या जिवावर. 'मला'चे 'मले', 'डोळा'चा 'डोया' हे बदल परक्या कानालाही चटकन कळतात. परंतु 'तो जाईल' या अर्थी 'तो जाईन' म्हणणे, म्हणजे तृतीय पुरुषी भविष्यकाळाला प्रमाण भाषेतील प्रथम पुरुषाचे रूप देणे, पुणेरी मास्तरांना चूकच वाटत आले, वास्तविक ते त्या बोलीचे व्याकरण आहे. उद्धव शेळके यांनी 'धग' (१९६०) या कादंबरीत कौतिकच्या तोंडी हीच भाषा घातली, आणि ती विनोदासाठी नव्हे तर दारिद्र्याशी झुंजणाऱ्या बाईच्या दुःखासाठी वापरली, हे त्यांचे मोठे काम; कारण तोवर बोली म्हणजे हशा असा नाटकी संकेत बळकट होता. अकोल्याचे कवी विठ्ठल वाघ यांनी तिफणीवर, म्हणजे चाड्यातून सोडलेले बी तीन दात्यांवाटे तासात पेरणाऱ्या अवजारावर, लिहिलेले गीत 'अरे संसार संसार' या चित्रपटातून वऱ्हाडाबाहेर पोचले. पुरुषोत्तम बोरकर यांनी तर 'मेड इन इंडिया'त निवेदनही वऱ्हाडीकडेच सोपवले.

अकोल्याला १९८१ मध्ये पुन्हा संमेलन भरले तेव्हा अध्यक्ष होते गो. नी. दांडेकर, जन्माने परतवाड्याचे. १९८९ मध्ये अमरावतीचीही पाळी आली. संघाच्या शताब्दी वर्षात, फेब्रुवारी २०२३ मध्ये, वर्ध्याला शहाण्णवावे संमेलन झाले. म्हाइंभटाने तेराव्या शतकात 'लीळाचरित्रा'ची जुळणी केली त्या अमरावती जिल्ह्यातील रिद्धपुरात आता राज्याचे मराठी भाषा विद्यापीठ आले आहे, आणि कौतिकच्या व्याकरणाचा पद्धतशीर अभ्यास त्याच्याकडून मागणे हा वऱ्हाडचा रास्त हक्क आहे.