बालप्रेक्षकांसाठी संहितालेखन : फ्रेड रॉजर्स

माध्यमांसाठी लिहिताना आपला प्रेक्षक कोण, हे आधी निश्चित करावे लागते, हे तुम्हांला ठाऊक आहेच. हा प्रेक्षक चार वर्षांचा असेल, तर लेखकाची खरी कसोटी लागते. वाक्य समजले नाही, तर मूल तसे सांगत नाही; त्याला जो अर्थ लागला तोच खरा धरून ते पुढे जाते. ही जाणीव ज्यांच्या लेखनाच्या मुळाशी होती, त्या फ्रेड रॉजर्स (१९२८–२००३) या अमेरिकन लेखकाचा परिचय येथे करून घेऊ.

रॉजर्स मूळचे पेनसिल्व्हेनियातील लॅट्रोब या गावचे. संगीताची पदवी घेतल्यावर त्यांनी न्यूयॉर्कमध्ये दूरचित्रवाणीवर काम केले आणि १९५३ साली ते पिट्सबर्गच्या एका लोकाश्रित केंद्रात आले. तेथील मुलांच्या कार्यक्रमात ते पडद्यामागून बाहुल्या नाचवीत. पुढे त्यांनी धर्मशास्त्राचे शिक्षण घेतले. त्याच काळात मार्गारेट मॅकफार्लंड या बालमानसशास्त्रज्ञ विदुषींशी त्यांचा परिचय झाला. त्यांच्याशी संहितांविषयी चर्चा करण्याचा रॉजर्स यांचा परिपाठ पुढे अनेक वर्षे टिकला. १९६८ मध्ये 'मिस्टर रॉजर्स नेबरहूड' ही मालिका देशभर दिसू लागली आणि २००१ पर्यंत तिचे नवे भाग येत राहिले. संहिता, गाणी, बाहुल्यांचे आवाज हे बहुतांशी त्यांचेच.

आता त्यांच्या भाषेकडे वळू. रुग्णालयाविषयीच्या एका चित्रीकरणात रक्तदाब मोजणारी परिचारिका दंडावरचा पट्टा फुगवीत असल्याचे सांगते. तिने वापरलेल्या इंग्रजी क्रियापदाचा 'स्फोटाने उडवणे' असाही अर्थ होतो. मुले घाबरून कान झाकतील आणि पुढचे ऐकणार नाहीत, म्हणून रॉजर्स यांनी ते वाक्य बदलून, पट्ट्यात थोडी हवा भरते आहे अशा आशयाचे नवे वाक्य ध्वनिमुद्रित करून घेतले. एका शब्दासाठी एवढा खटाटोप! त्यांच्या सहकाऱ्यांनी या पद्धतीची गमतीने एक नियमावलीही रचली होती. 'रस्त्यावर खेळणे धोक्याचे आहे' हे वाक्य घ्या. प्रथम नकार काढून ते 'सुरक्षित जागी खेळणे चांगले' असे करायचे. मग 'कोठे खेळावे ते आईबाबांना विचार' असे म्हणायचे. पण आईबाबा सर्वांनाच असतात का? म्हणून त्यांच्या जागी 'तुझी आवडती मोठी माणसे' आणायची. अशा अनेक पायऱ्यांनंतर वाक्य लांबते खरे, परंतु त्यातून एकही मूल बाहेर राहत नाही.

सोपे लिहायचे म्हणून रॉजर्स यांनी अवघड विषय टाळले, असे मात्र समजू नका. १९७० च्या एका भागात त्यांना मत्स्यपात्रातील एक मासा मेलेला दिसतो. ते त्याला अंगणात पुरतात आणि लहानपणी आपली कुत्री मेली तेव्हा आपल्याला किती दुःख झाले होते, ते शांतपणे सांगतात. येथे आपल्या मराठीचा विचार करून पाहा. 'आजोबा देवाघरी गेले' असे आपण मुलाला सांगतो. मोठ्यांना त्यातला हळुवारपणा जाणवतो. मूल विचारते, 'मग परत कधी येणार?' 'आजी कायमची झोपली' हे तर त्याहून अवघड, कारण त्या रात्री मुलाला झोपायचीच भीती वाटू शकते.

१ मे १९६९ रोजी रॉजर्स अमेरिकी सिनेटच्या उपसमितीसमोर उभे राहिले. सार्वजनिक प्रसारणाच्या दोन कोटी डॉलरच्या निधीत मोठी कपात सुचविली गेली होती. सहा-सात मिनिटांच्या निवेदनात त्यांनी आकडेवारीवर भर दिला नाही. राग आल्यावर काय करावे, या विषयावरील स्वतःच्या गाण्याचे शब्द म्हणून दाखविले. करड्या स्वभावाचे अध्यक्ष जॉन पास्टोर यांनी, हे पैसे तुम्ही मिळविले, अशा आशयाचे उद्गार काढले. मुलांसाठी घासून घेतलेली भाषा त्या दिवशी मोठ्यांनाही समजली.

कृती : तुमच्या घरातील चार-पाच वर्षांच्या मुलाला उद्या दवाखान्यात इंजेक्शन द्यायचे आहे, असे समजा. 'काही दुखणार नाही' हे खोटे वाक्य न वापरता त्याला पाच वाक्यांत काय सांगाल, ते लिहा. मग प्रत्येक शब्दाचा मुलाला दुसरा कोणता अर्थ लागू शकेल, ते समासात नोंदवा.