निमंत्रणाचा मजकूर आणि उत्तरांची बारनिशी

भंडारा जिल्ह्यातील एखाद्या बेताच्या उत्पन्नाच्या धान-उत्पादक कुटुंबास, लाखांदूरपासून तुमसरपर्यंत विखुरलेल्या आप्तांकडे लग्नपत्रिका पोहोचविताना छपाईइतकाच प्रवासखर्चही जाचतो, आणि म्हणून मोबाईलवरून विनामूल्य धाडलेले निमंत्रण त्यास सोयीचे वाटते. परंतु निमंत्रण धाडणे सोपे, उत्तर मिळविणे कठीण. कारण ‘सहकुटुंब सहपरिवार’ या आपल्या उदार मजकुरात जेवणाच्या पानांची संख्या कोठेच नसते, आणि व्हॉट्सॲपवरील दोन निळ्या खुणा संदेश पाहिल्याची ग्वाही देतात, येण्याची नव्हे.

यावर तजवीज अशी की, गूगल फॉर्म्समध्ये नाव, गाव व येणाऱ्यांची संख्या एवढेच तीन प्रश्न विचारून त्याचा दुवा पत्रिकेच्या चित्राखाली द्यावा. प्रत्येक उत्तर जोडलेल्या तक्त्यात स्वतंत्र ओळ होऊन बसते, संख्येच्या रकान्याची बेरीज एका सूत्राने होते, आणि आचाऱ्यास तांदळाचा अंदाज देता येतो. मात्र व्हॉट्सॲपच्या ‘ब्रॉडकास्ट’ यादीत 256 जणच मावतात, आणि ज्यांनी आपला क्रमांक जतन केला आहे त्यांनाच तो संदेश पोहोचतो. वडीलधाऱ्यांकडे तर, माझ्या मते, अक्षत घेऊन स्वतःच जावे.

आणखी एक खबरदारी. लग्नपत्रिकेच्या मिषाने ‘एपीके’ फाईल धाडून मोबाईलचा ताबा घेणाऱ्या भामट्यांविषयी 2024 मध्ये हिमाचल प्रदेशाच्या पोलिसांनी इशारा दिला होता. तेव्हा आपली पत्रिका चित्र वा पीडीएफ स्वरूपातच धाडावी, आणि ‘एपीके’ फाईल, ती सख्ख्या मामाच्या क्रमांकावरून आलेली असली तरी, उघडू नये.