अंतराळातील अणुशक्तीची शिल्लक

अणुशक्ती आणि अवकाशयान हे शब्द एकत्र ऐकले की, अणुस्फोटाच्या बळावर झेपावणारे अग्निबाण डोळ्यांसमोर उभे राहतात. प्रत्यक्षात अवकाशातील अणुशक्तीचे कार्य फार शांतपणे चालते.

आजही यानांना पृथ्वीवरून उचलतात ते रासायनिक इंधनावरील अग्निबाणच. इंधन जळते, तप्त वायू वेगाने मागे फेकला जातो आणि त्याच्या प्रतिक्रियेने अग्निबाण पुढे सरकतो. जाळण्याऐवजी अणुभट्टीच्या उष्णतेने हायड्रोजन तापवून मागे फेकला, तर तेवढ्याच वजनाच्या इंधनातून जवळजवळ दुप्पट रेटा मिळू शकतो. अमेरिकेने अशा इंजिनांच्या चाचण्या जमिनीवर यशस्वीपणे घेतल्या. परंतु १९७३ साली तो प्रकल्प बंद झाला.

अणुशक्तीने खरी साथ दिली ती विजेसाठी. १९७७ साली 'नासा'ने 'व्हॉयेजर' ही दोन याने सोडली. नेपच्यूनजवळ सूर्यप्रकाश पृथ्वीच्या मानाने सुमारे नऊशेपट क्षीण असतो. तेथे सौरपट्ट्यांचा काय उपयोग? म्हणून प्रत्येक यानावर प्लुटोनियम-२३८ वर चालणारी तीन जनित्रे बसविण्यात आली. ही अणुभट्टी नव्हे. प्लुटोनियमचे अणू आपोआप क्षय पावतात व उष्णता देतात. दोन भिन्न गुणधर्मांच्या अर्धवाहकांच्या जोडीची एक बाजू या उष्णतेने तापते, दुसरी अंतराळाच्या थंडीत राहते आणि या तफावतीतून वीज निर्माण होते. यात फिरणारा भाग एकही नाही.

मात्र ही शिल्लक केवळ खर्चाची आहे. तीत नवी भर पडत नाही. प्लुटोनियम-२३८ चे अर्धायुष्य सुमारे ८८ वर्षांचे. आरंभी प्रत्येक यानास सुमारे ४७० वॅट वीज मिळत असे. ती दरवर्षी सुमारे ४ वॅटने घटते. त्यामुळे शास्त्रज्ञांनी एकेक खर्च कमी केला. १९९० साली अखेरची छायाचित्रे टिपून 'व्हॉयेजर-१'चे कॅमेरे मिटले. २०१९ मध्ये 'व्हॉयेजर-२'वरील वैश्विक किरण मोजणाऱ्या उपकरणाचा तापक बंद केला, तरी उणे ५९ अंश सेल्सिअस तापमानात ते उपकरण काम करीत राहिले! २०२४ व २०२५ मध्ये आणखी काही उपकरणांना विश्रांती द्यावी लागली.

या वाटेवर भारतानेही पाऊल टाकले आहे. २०२३ साली 'चांद्रयान-३'च्या प्रणोदन कक्षासोबत भाभा अणुसंशोधन केंद्राने विकसित केलेले, प्रत्येकी एक वॅटचे दोन किरणोत्सारी तापक पाठविण्यात आले.

आपल्या घरातील एका इस्त्रीलाही न पुरणाऱ्या विजेवर 'व्हॉयेजर-१'ने २०१२ साली व 'व्हॉयेजर-२'ने २०१८ साली सूर्याच्या प्रभावक्षेत्राची सीमा ओलांडली. जमा थांबलेली असतानाही काटकसरीने व दूरदृष्टीने वापरलेली पुंजी किती दूरवर नेते, याचा याहून बोलका दाखला कोणता?