एकाच हंगामासाठी घडलेली गाडी

1988 हे फॉर्म्युला वनमधल्या टर्बो इंजिनांचं निरोपाचं वर्ष. पुढच्या हंगामापासून त्यांच्यावर बंदी येणार होती आणि तोवर त्यांचं नाक दाबायची सोयही नियमांनी करून ठेवली होती. बूस्ट 2.5 बारपर्यंतच, अख्ख्या शर्यतीला इंधन फक्त 150 लिटर. टर्बोविना धावणाऱ्या साडेतीन लिटरच्या इंजिनांना मात्र इंधनाचं बंधन नव्हतं. बेनेटनने टर्बोला रामराम ठोकला. फेरारीने आदल्या वर्षीच्याच गाडीची डागडुजी केली.

होंडाने या एका वर्षासाठी इंजिनावर नव्याने मेहनत घेतली. दीड लिटरच्या या व्ही6 इंजिनातला क्रँकशाफ्ट खाली आणला, इंधनाचा थेंब न् थेंब वसूल होईल अशी रचना केली. मॅक्लारेनचे स्टीव्ह निकोल्स आणि गॉर्डन मरे यांनी त्याभोवती एमपी4/4 ही जमिनीलगतची गाडी उभी केली. चालक तिच्यात जवळपास आडवाच असे.

या गाडीने सोळापैकी पंधरा शर्यती जिंकल्या. नुसत्या इंजिनाने हे साधलं असतं का? उत्तर इमोलाच्या शर्यतीत मिळालं. नेल्सन पिकेच्या लोटसलाही होंडाचंच इंजिन होतं. पात्रता फेरीत तो तिसरा आला, पण मॅक्लारेनच्या आयर्टन सेनापेक्षा तीन सेकंदांहून जास्त मागे. शर्यतीतही तिसराच आला, एक पूर्ण फेरी मागे राहून.

गाडीला प्रतिस्पर्धी उरला नाही, तेव्हा झुंज एकाच गॅरेजात लागली. सेनाने आठ शर्यती जिंकल्या, अ‍ॅलन प्रॉस्टने सात.

सोळातली निसटली ती एकच, मॉन्झाची. प्रॉस्टचं इंजिन बंद पडलं. सेना पुढे होता. जेमतेम दोन फेऱ्या उरल्या असताना तो ज्याँ-लुई श्लेसरच्या विल्यम्सवर आदळला. आजारी मॅन्सेलच्या जागी आलेला हा बदली चालक! एन्झो फेरारी जाऊन महिनाही झाला नव्हता आणि त्यांच्या लाल गाड्या घरच्या मैदानावर पहिल्या-दुसऱ्या आल्या.

सुझुकात सेनाची गाडी सुरुवातीलाच अडखळली. चौदाव्या क्रमांकावर घसरलेल्या सेनाने तिथून शर्यत जिंकली आणि विजेतेपदही. वर्षभरात प्रॉस्टचे गुण 105 झाले, सेनाचे 94. पण सर्वोत्तम अकराच निकाल धरायचे असल्याने हिशेब सेनाच्या बाजूने 90 विरुद्ध 87 असा लागला.

सोळापैकी पंधरा विजयांचं हे प्रमाण रेड बुलने 2023मध्ये, बावीसपैकी एकवीस जिंकून मागे टाकलं. तरीही वर्षभरात बाद ठरणाऱ्या इंजिनावर एवढी मेहनत घेऊन मिळवलेलं यश म्हणून एमपी4/4चं स्थान वेगळंच राहतं.