अठ्ठावन्नाव्या वर्षीचं पहिलं पुस्तक

आपल्याकडे ज्या वयात हातात निवृत्तीचं शाल-श्रीफळ पडतं, त्या वयात पेनेलोपी फिट्झजेराल्ड यांचं पहिलं पुस्तक आलं. साल १९७५, वय अठ्ठावन्न. तीही कादंबरी नव्हे; चित्रकार एडवर्ड बर्न-जोन्स यांचं चरित्र. दोन वर्षांनी वडील आणि तीन काकांवरचं 'द नॉक्स ब्रदर्स' आलं. वडील 'पंच' साप्ताहिकाचे संपादक, एक काका शत्रूच्या सांकेतिक लिपी उकलणारा, उरलेले दोघे धर्मोपदेशक. त्यातला एक फावल्या वेळात रहस्यकथाही लिही! अशा घरातली, ऑक्सफर्डला पहिल्या वर्गात आलेली मुलगी इतकी वर्षं गप्प का राहिली?

उत्तर साधं आहे. संसार. नवरा महायुद्धातून परतला आणि दारूत बुडाला. चेकवर खोट्या सह्या केल्या म्हणून वकिलीची सनद गेली. तीन मुलं घेऊन हे कुटुंब लंडनला थेम्स नदीत एका जुन्या मालवाहू बोटीवर राहू लागलं. १९६३ मध्ये ती बोटही सामानसुमानासह बुडाली. मग सरकारी घर, आणि वर्षानुवर्षं शिकवण्या.

पहिली कादंबरी, 'द गोल्डन चाइल्ड', मरणपंथाला लागलेल्या नवऱ्याचं मन रमवायला लिहिलेली. खरं सांगायचं तर ती बेताचीच आहे. पण पुढच्याच वर्षी 'द बुकशॉप' आली. किनाऱ्यावरच्या लहानशा गावात एक विधवा पुस्तकांचं दुकान काढते आणि गावातली प्रतिष्ठित मंडळी गोड बोलून तिला उठवतात. १९७९ मध्ये बोटीवरच्या दिवसांवरच्या 'ऑफशोअर'नं बुकर मिळवलं, तेही नायपॉल शर्यतीत असताना. समीक्षकांच्या भुवया उंचावल्या. बाई म्हणाल्या, पैशातून इस्त्री आणि टाइपरायटर घेईन.

माझ्या मते खऱ्या फिट्झजेराल्ड दिसतात त्या १९८६ पासूनच्या चार कादंबऱ्यांत. स्वतःचं आयुष्य लिहून संपलं आणि चरित्रकाराची चिकाटी कामाला आली. 'द बिगिनिंग ऑफ स्प्रिंग'मध्ये १९१३ सालचं मॉस्को आहे, तिथला छापखाना आहे, खिळे जुळवणारे हात आहेत. पण अभ्यास केल्याचा घाम कुठे दिसत नाही. आपल्याकडचे ऐतिहासिक कादंबरीकार टिपणवही अख्खी ओततात. बाई मूठभर ठेवत, बाकीचं टाकून देत.

'द ब्लू फ्लॉवर' (१९९५) ही जर्मन कवी नोव्हालिसची गोष्ट. बुकरच्या अंतिम यादीतही ती नव्हती. दोन वर्षांनी अमेरिकी समीक्षकांनी तिला आपला पुरस्कार दिला. अठराव्या शतकातल्या उमराव घराण्याची आर्थिक स्थिती सांगायला दुसरा लेखक दोन पानं घेईल. इथे पाहुणा दारात येतो तो नेमका धुण्याच्या दिवशी. वरच्या खिडक्यांतून चादरी, अभ्रे, सदरे अंगणात कोसळताहेत. या घरात धुणं वर्षातून एकदाच निघतं. पाहुण्याची आई वर्षाला तीनदा धुणं काढते, म्हणजे त्याच्या घरी कपडे चारच महिने पुरतील इतके. तो उभ्या उभ्या हिशेब करतो, आणि वरून आणखी एक चादर पडते.