अपील आणि घराचा ताबा

घर खाली करण्याचा हुकूमनामा आपल्याविरुद्ध झाला, आपण मुदतीत अपील दाखल केले, वकिलांनी त्याचा क्रमांकही कळविला. आता अपिलाचा निकाल लागेपर्यंत बेलीफ काही दारात येत नाही, अशी समजूत चांगल्या शिकल्यासवरल्या माणसांतही आढळते. ही समजूत खोटी आहे आणि ती फार महागात पडते. १९०८ सालच्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील ४१ व्या आदेशाचा ५ वा नियम स्वच्छ सांगतो की, केवळ अपील केल्याने हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही. स्थगितीसाठी निराळा अर्ज करावा लागतो.

असे का असावे? हुकूमनामा म्हणजे साक्षीपुरावा तपासून दिलेला निर्णय. तो वरिष्ठ न्यायालय फिरवीपर्यंत बरोबरच धरावयाचा. वर्षानुवर्षे झगडून मालकाने दावा जिंकावा आणि प्रतिपक्षाच्या एका कागदाने त्याचे फळ गोठावे, हे न्यायाचे नव्हे. पण दुसरी बाजूही आहे. भाडेकरूचे बिऱ्हाड रस्त्यावर आले, मालकाने इमारत पाडली आणि मग अपील मंजूर झाले, तर त्या विजयाचे करावयाचे काय? संहितेचे १४४ वे कलम गेलेला ताबा परत देवविते खरे. पण पाडलेली भिंत कोणतेही कलम पुन्हा उभी करीत नाही. या दोन अन्यायांच्या मधली वाट म्हणजे स्थगिती.

ती देताना न्यायालय तीन गोष्टी पाहते. स्थगिती न दिल्यास अर्जदाराचे भरीव नुकसान होईल काय? अर्ज विनाकारण उशिरा आला नाही ना? आणि पुढे हुकूमनामा पाळावा लागलाच, तर त्यासाठी योग्य तारण दिले आहे काय? महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ प्रमाणे अपील ३० दिवसांत करावयाचे असते. मुंबईत लघुवाद न्यायालयाच्या दोन न्यायाधीशांच्या पीठापुढे, इतरत्र जिल्हा न्यायालयात. तेवढ्या अवधीत, अपील करण्यापूर्वीही, हुकूमनामा देणाऱ्या न्यायालयाकडेच तात्पुरती स्थगिती मागता येते. स्थगिती मिळाली तरी ती खालच्या न्यायालयास कळेल तेव्हापासून लागू होते. हुकूम पोहोचेपर्यंत, स्वतःच्या माहितीवर आधारलेले अपीलकर्त्याचे प्रतिज्ञापत्र तेथे ग्राह्य धरले जाते. बेलीफ दारात उभा असता या एका कागदाचे मोल किती, हे सांगावयास नको.

आता किमतीचा प्रश्न. स्थगिती फुकट मिळत नाही. दिल्लीतील एका दुकानाचे भाडे दरमहा ३७१ रुपये ९० पैसे होते. अपील चालू असताना ताबा ठेवावयाचा, तर दरमहा १५,००० रुपये भरावेत, असा हुकूम अपील ऐकणाऱ्या न्यायाधिकरणाने दिला. उच्च न्यायालयाने तो रद्द केला, पण २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा कायम केला. तत्त्व असे की, हुकूमनाम्यानंतरचा ताबा जुन्या भाड्यावर ठेवता येत नाही; ती जागा बाजारात जे भाडे आणील, त्या मानाने भरपाई द्यावी. २००९ साली मुंबईच्या एका प्रकरणात तर खुद्द महाराष्ट्र सरकारच भाडेकरू होते. त्यालाही दरमहा ५,४०,००० रुपये भरण्याची अट सर्वोच्च न्यायालयाने कायम ठेवली.

तेव्हा भाडेकरूने हुकूमनामा होताच वेळ न दवडता अपील आणि स्थगितीचा अर्ज ही दोन्ही कामे करावीत, आणि घातलेली रक्कम तारखेस भरावी. अट मोडली की स्थगिती धोक्यात येते. मालकानेही स्थगिती झाली म्हणून हताश होऊ नये. थांबण्याचा मोबदला मागणे हा त्याचा हक्क आहे. कायदा दोघांनाही थांबावयास सांगतो, पण त्या थांबण्याचा भार एकट्यावर टाकीत नाही.